लोणच्याच्या रकान्यातले मार्मालेड

बाबराने आपल्या आठवणींत हिंदुस्थानातल्या फळांची झडतीच घेतली आहे. १५२६ साली पानिपत मारल्यानंतर दोनएक वर्षांत लिहिलेला हा भाग. आंब्याचे कौतुक तो हात राखून करतो. लिंबाच्या कुळापाशी आला की मात्र त्याची लेखणी रेंगाळते. नारिंज, लिमू, तुरुंज, संगतरा, गलगल, जंबीरी, करणा, अमलबेद, एकेकाचे पान, साल, रंग, आकार तो नोंदत जातो. अमलबेद म्हणे इतके आंबट, की आत सुई खुपसली तर ती विरघळते. हे ऐकीव आहे, हेही तो सांगून टाकतो.

यातले तुरुंज म्हणजे आपले म्हाळुंग. त्याच्या नोंदीत बाबर जाता जाता एक शब्द टाकतो. बाजौर आणि स्वातचे लोक या फळाला बालंग म्हणतात, म्हणून त्याच्या पाकातल्या पदार्थाचे नाव बालंग मरब्बा. पुढे तो फळाच्या दोन जाती सांगतो. एक गोड, पण बेचव आणि मळमळ आणणारी. खायच्या कामाची नाही, साल तेवढी मरब्ब्याला बरी. दुसरी आंबट, सरबताला उत्तम. फळ टाकायचे आणि साल ठेवून साखरेत शिजवायची, ही मार्मालेडची मूळ कल्पना या शेऱ्यात पूर्ण आली आहे. अ‍ॅनेट बेव्हरिजबाईंनी तुर्की मुळावरून इंग्रजी भाषांतर केले, ते १९२२ साली पूर्ण झाले. त्यांना ‘मरब्बा’ला इंग्रजी शब्द हवा होता. त्यांनी लिहिला, मार्मालेड.

भाषांतरकार बाईंनी केले ते बरोबर की चूक, हा प्रश्न मला भूममध्ये बसून पडतो, आणि भूममध्ये तो पडावा हे जरा विचित्रच. भूम म्हणजे खवा. बालाघाटाच्या माथ्यावरचा, बाणगंगेकाठचा हा तालुका. पाऊस बेभरवशाचा, म्हणून शेतकऱ्याचा जीव दुभत्यात. तालुक्यातल्या कुंथलगिरीचा खवा आणि पेढा दूरवर जातो, त्या खव्याला अलीकडे भौगोलिक मानांकनही मिळाले. म्हशीच्या पाचएक लिटर दुधाचा किलोभर खवा होतो. बाकीचे सगळे पाणी भट्टीवर उडवायचे असते, कढईचा तळ न लागू देता. थोडक्यात, नाशवंत वस्तूतले पाणी काढून तिला प्रवासाला लायक करणे हा आमच्या गावचा धंदा आहे. मार्मालेडचे काम दुसरे काय असते? तरीही इथल्या कुणाला मार्मालेड विचारा, तो दुकानातल्या बाटलीकडे बोट दाखवेल. आणि त्याच्याच घरात, माळ्यावर किंवा देवघराशेजारच्या फडताळात, चिनी मातीच्या बरणीत सालीसकट चिरलेली लिंबे साखरेत मुरत पडलेली असतील. त्याला तो लोणचे म्हणतो.

एकच काम आणि दोन नावे, हे कसे झाले ते कागदांच्या आधारे लावून पाहण्याचा हा प्रयत्न आहे. आधी एक कबुली देतो. सरकारी दप्तरे स्वयंपाकघरात डोकावत नाहीत. महसूल लागतो त्याची नोंद होते. जोंधळा, कापूस, गुरे, विहिरी यांचे आकडे असतात, बरणीतल्या लिंबांचे नसतात. त्यामुळे अशा इतिहासात पुरावा सरळ समोर येत नाही. फळाचा एक कागद, शब्दाचा दुसरा, साखरेचा तिसरा, आणि ते कुठे एकमेकांना शिवतात ते शोधायचे.

शब्दांची वाट

मार्मालेड हा शब्द संत्र्याचा नाहीच. पोर्तुगीजांत मार्मेलो म्हणजे क्विन्स, सफरचंदाच्या नात्यातले एक कठीण, तुरट फळ. त्याची घट्ट वडी ती मार्मेलाडा. ही वडी लाकडी डब्यांत भरून विलायतेला जाई. १५२४ साली एक्झिटरच्या कुणा हल नावाच्या गृहस्थाने राजा आठव्या हेन्रीला मार्मालेडची पेटी नजर केल्याची नोंद आहे. पेटी, बाटली नव्हे. ते सुरीने कापायचे होते. संत्र्याच्या मार्मालेडची अगदी जुनी कृती सापडते ती एलायझा चोमलीबाईंच्या हस्तलिखित वहीत, १६७७च्या सुमाराची. डंडीच्या जेनेट किलरबाईंनी १७९७ साली वादळात अडकलेल्या जहाजावरची सेव्हिलची कडू संत्री घेऊन मार्मालेडचा शोध लावला, ही गोष्ट सगळीकडे सांगितली जाते. पण सव्वाशे वर्षे आधीची वही समोर असताना तिला शोध कसे म्हणायचे? किलर घराण्याने कारखाना काढला, हे खरे. दंतकथांना कारखान्याचा लोभ असतो, वहीचा नसतो.

पोर्तुगीज हाच शब्द घेऊन गोव्यात उतरले. गोव्यात आजही आंब्याचे मांगाद होते आणि पेरूची पेराद होते. शेवटचा तो ‘आद’ मार्मेलाडाच्या शेपटीचाच. मराठी माणसाला हे पदार्थ दाखवले तर तो न अडखळता ‘वडी’ म्हणेल.

मुरंबा हा शब्द दुसऱ्या वाटेने आला. अरबी ‘मुरब्बा’, वाढवलेला, जोपासलेला. फळाला साखरेत घालून पोसायचे, अशी कल्पना. आपण त्यात मधला अनुस्वार आपल्या जिभेने घातला. हा शब्द फारसीच्या पालखीतून दख्खनेत आला, आणि त्या पालखीचा मार्ग भूमच्या आसपासचा आहे.

बाबराच्या आठवणी तुर्कीत होत्या. त्यांचे फारसी भाषांतर अब्दुर्रहीम खानखानाने करून १५८९ साली अकबरापुढे ठेवले. हाच खानखाना पुढे दख्खनेत उतरला. १५९७ साली गोदावरीकाठी सोनपेठच्या बाजूला झालेल्या लढाईत तो मोगलांचा सेनापती होता. १६०० साली अहमदनगर पडले तेव्हाही तो तिथे होता. अहमदनगर पडल्यावर मलिक अंबराने मुर्तजा निजामशहाला गादीवर बसवले ते परंड्याला. परंडा भूमच्या शेजारचा तालुका, जुन्या हिशेबात एका दिवसाची मजल. म्हणजे ज्याने बालंग मरब्बा हे शब्द स्वतः फारसीत उतरवले तो माणूस आणि ज्यांच्या मुदपाकखान्यात असले पदार्थ रोजचे होते ते दरबारी, दोघेही सोळाव्या शतकाच्या शेवटच्या दहा वर्षांत या टापूत वावरत होते.

यातून परंड्याच्या किल्ल्यात म्हाळुंगाचा मुरंबा शिजला असे सिद्ध होत नाही. शब्द जाणणारी माणसे इथे होती, इतकेच सिद्ध होते. या दोन वाक्यांतले अंतर बुजवण्याचा मोह दख्खनच्या खाद्यइतिहासावर लिहिणाऱ्या बहुतेकांना होतो, मलाही होतो.

फळाबद्दल मात्र शंका नको. म्हाळुंग इथले जुने. संस्कृतात ते मातुलुंग किंवा बीजपूर. करवीरच्या महालक्ष्मीच्या उजव्या खालच्या हातात जे फळ आहे ते म्हाळुंग. दगडात कोरलेला दाखला कागदापेक्षा टिकाऊ असतो. गावांच्या नावांतही ते बसले आहे: पुण्याजवळ म्हाळुंगे, अकलूजजवळ महाळुंग. पूजेत, औषधात, गावाच्या पाटीवर हे फळ आहे. सालीत गर थोडा आणि पांढरा गाभा जाड, त्यामुळे पिळायला निरुपयोगी. त्याचे काही करायचे तर सालीचेच करावे लागते.

‘संत्रे’ आणि सिंत्रा

हॉब्सन-जॉब्सन या १८८६च्या कोशात ‘संगतरा’ शब्दाची व्युत्पत्ती पोर्तुगालमधल्या सिंत्रा गावावरून, ‘बहुधा’ असे म्हणून दिली आहे. आपल्याकडेही हे मत अजून फिरते. पण हिशेब पाहा. पोर्तुगीजांनी गोवा घेतला १५१० साली. बाबर उत्तरेत बसून संगतरा हा इथला रुळलेला शब्द म्हणून नोंदतो ते १५२८च्या आसपास. अठरा वर्षांत गोव्याहून आग्र्यापर्यंत शब्द पोचून बाजारात रुळला, हे अशक्य नाही, पण मला पटत नाही. उलट, इंग्रजीचा ‘ऑरेंज’ आपल्या ‘नारंग’पासून निघून फारसी, अरबी, स्पॅनिश अशी गावे घेत गेला, याबद्दल वाद नाही. फळाच्या कडवटपणाला जबाबदार असलेल्या एका द्रव्यालाही रसायनशास्त्रात नारिंजिन म्हणतात. नाव आपलेच, फिरून आलेले.

इटाव्याचे सिव्हिल सर्जन इमॅन्युएल बोनाव्हिया यांनी १८८८ साली हिंदुस्थान आणि सिलोनमधल्या संत्र्या-लिंबांवर लंडनमध्ये एक ग्रंथ छापला, सोबत चित्रांचा वेगळा खंड. संत्रा, केवला, खट्टा, करणा, जंबीरी ही बाजारातली नावे त्यांनी जशीच्या तशी घेतली. त्या वेळच्या वनस्पतिशास्त्राला हे थोडे गावंढळ वाटले असेल. पण आज आपल्याला उपयोगी पडतात ती तीच नावे.

नागपूरच्या संत्र्याचा उगम सांगताना जुन्या नोंदी एका गोष्टीवर येतात: दुसऱ्या रघूजी भोसल्यांनी अठराव्या शतकाच्या अखेरीस कलमे औरंगाबादेहून नेली. म्हणजे विदर्भाचे वैभव मराठवाड्यातून गेलेले. नागपूरकरांना हे ऐकवताना मला जो आनंद होतो तो इतिहासकाराला शोभणारा नाही. पुढे नागपूरच्या बागायतदारांनी संघ काढला, त्याच्या इंग्रजी आद्याक्षरांवरून ‘नोगा’ हे नाव जॅम आणि स्क्वॉशच्या बाटल्यांवर आले. आता तो छाप राज्याच्या कृषि उद्योग विकास महामंडळाकडे आहे. मराठवाड्यात संत्र्यापेक्षा मोसंबी वाढली. जालन्याच्या मोसंबीलाही मानांकन आहे, आणि ‘मोसंबी’ या शब्दात मोझांबिक लपलेले आहे हे बहुतेकांना ठाऊक असते.

निजामाच्या फौजेतला डॉक्टर

इंग्रजी मार्मालेड भूमच्या जवळ कधी आले, याला एक पुस्तक जवळजवळ उत्तर देते.

डॉ. आर. रिडेल निजामाच्या फौजेत सुपरिंटेंडिंग सर्जन होते. त्यांनी आधी पश्चिम हिंदुस्थानातल्या बागकामावर पुस्तक लिहिले आणि १८४९ साली गृहव्यवस्था आणि पाककृतींचे एक जाडजूड पुस्तक काढले. ते इतके खपले की १८७१ साली कलकत्त्याला सातवी आवृत्ती निघाली. पुस्तकाच्या लांबलचक नावातच वाचक कोण ते सांगितले आहे: कुटुंबे, फौजी खाणावळी, आणि इलाख्याच्या शहरांत किंवा दूरच्या ठाण्यांवर एकटे राहणारे साहेब. पौर्वात्य आणि इंग्रजी, दोन्ही स्वयंपाक त्यात. असल्या पुस्तकांत लोणची, चटण्या, जेली, मुरंबे, मार्मालेड हे प्रकार एकमेकांना लागून येतात, कारण लिहिणाऱ्याला ते एकाच कामाचे वाटतात: उन्हाळ्यात फळ नासू न देणे.

दूरचे ठाणे म्हणजे कुठले? निजामाच्या या फौजेची, पुढे जिला हैदराबाद कॉन्टिन्जंट म्हणू लागले तिची, ठाणी औरंगाबाद, हिंगोली, एलिचपूर, बोलारम इथे होती. घोडदळाचे ठाणे मोमिनाबादला होते. मोमिनाबाद म्हणजे अंबाजोगाई, भूमच्या पूर्वेला शंभरेक किलोमीटरवर. शिवाय १८५३च्या तहाने नळदुर्गाचा, म्हणजे आजच्या धाराशिवचा मुलूख इंग्रजांकडे गेला आणि १८६० साली निजामाला परत मिळाला. त्या मधल्या काळात, १८५३ ते १८५७, नळदुर्गच्या किल्ल्यात मेडोज टेलर राहत होता. ‘ठगाची जबानी’ ज्या कादंबरीवरून मराठीत गाजली ती लिहिणारा, निजामाच्याच नोकरीत वाढलेला साहेब. त्याचे आत्मचरित्र त्याच्या मृत्यूनंतर, १८७७ साली छापले गेले. रस्ते, मोजणी, महसूल यांनी ते भरलेले आहे. न्याहारीला पावाला काय लावले ते त्याने इतिहासाच्या लायकीचे मानले नाही.

या कागदांवरून मी इतके म्हणायला तयार आहे. एकोणिसाव्या शतकाच्या मध्यापर्यंत भूमपासून दोन-चार मजलांवर अशी स्वयंपाकघरे होती, जिथे पुस्तकातले मार्मालेड मागितले जाऊ शकत होते. ते करणारे हात साहेबाचे नव्हते. ते दख्खनी बावर्च्याचे होते, आणि त्या हातांना सालीचा मुरंबा ऐकून तरी ठाऊक होता. साहेबाने पुस्तक उघडून ‘मार्मालेड’ म्हटले असेल तेव्हा बावर्च्याने मनात कोणता शब्द घेतला असेल? बेव्हरिजबाईंनी पुढे जे केले तेच त्याने उलट्या दिशेने केले असणार. हा माझा तर्क आहे; तो तर्क म्हणूनच घ्यावा.

साखर कुठून आणायची

फळ होते, शब्द होता, हात होते. तरी घराघरात हा पदार्थ का शिरला नाही? माझ्या मते अडले ते साखरेपाशी. सेव्हिलच्या कडू संत्र्याच्या जुन्या इंग्रजी कृतीत फळाच्या दुप्पट साखर लागते. आमच्याकडे घरात होता तो गूळ. गुळाने गुळांबा उत्तम होतो, पण मार्मालेड बसत नाही. गुळाचा रंग आणि वास संत्र्याला गिळतो. आणि रस गाळताना घातलेल्या चुन्याचा अंश बऱ्याचदा गुळात राहतो, तो फळाची आंबट धार बोथट करतो. ती धार नसेल तर पाक थरथरता जमत नाही.

बार्शी लाइट रेल्वे १८९७ साली सुरू झाली, तेव्हापासून बाहेरचा माल या भागात सोपेपणाने येऊ लागला. देशी साखर कारखानदारीला १९३२च्या कायद्याने संरक्षण मिळाले. हैदराबाद संस्थानात बोधनला निजाम शुगर फॅक्टरी उभी राहिली १९३७ साली. प्रवरानगरचा सहकारी कारखाना १९५०चा. या तारखांच्या आधी आमच्या भागातल्या साध्या घरात किलोकिलोने साखर ओतून संत्र्याची साल शिजवणे हा शौक परवडणारा नव्हता. लिंबाला मीठ लावून ठेवणे परवडत होते. मिठाने साल मऊ पडते, टिकते, वर जेवढी ऐपत तेवढी साखर किंवा गूळ. लिंबाचे गोड लोणचे हे मला वाटते याच हिशेबातून आले: थोड्या साखरेत साल टिकवण्याची युक्ती.

आणि एकदा मीठ पडले की पदार्थ लोणच्याच्या रकान्यात गेला. हा रकाना जुना आहे. ऐन-इ-अकबरीत अबुल फज्लने दिलेल्या भावांच्या यादीत लिंबाचे लोणचे तेलातले, सिरक्यातले, मिठातले, लिंबाच्याच रसातले असे वेगवेगळे धरले आहे. छापील मराठी पाकशास्त्राची परंपरा १८७५च्या ‘सूपशास्त्रा’पासून, पुढे १९१०चे लक्ष्मीबाई धुरंधरांचे ‘गृहिणीमित्र’, १९७०ची कमलाबाई ओगल्यांची ‘रुचिरा’. मराठी घरांची सवय मात्र पुस्तकांहून जुनी आणि पक्की: लोणची एका फळीवर, मुरंबे दुसऱ्या. गोड असले तरी लिंबू लोणच्याच्या फळीवर, आंबट असला तरी आवळा मोरावळा होऊन मुरंब्याच्या.

कुंथलगिरीच्या सान्निध्यात राहणाऱ्याला या रकान्याची आणखी एक बाजू दिसते. हे जैनांचे सिद्धक्षेत्र; आचार्य शांतिसागरांनी १९५५ साली इथेच सल्लेखना घेतली. श्रावकांच्या बावीस अभक्ष्यांत मुरलेले लोणचे येते. एखादी बरणी लोणचे ठरते की पाकातले फळ, यावर ती ताटात वाढायची की नाही हे ठरत असेल, तर नाव ही नुसती नावाची गोष्ट राहत नाही.

कायद्यानेही हेच केले. १९५५च्या फ्रूट प्रॉडक्ट्स ऑर्डरने आणि त्यानंतरच्या अन्नसुरक्षा नियमांनी जॅम, जेली, मार्मालेड, मुरंबा, लोणचे यांना वेगळी कलमे दिली. मार्मालेडमध्ये विरघळलेले घन पदार्थ ६५ टक्क्यांहून कमी नकोत आणि फळ ४५ टक्के हवे. मुरंब्यात फळ ५५ टक्के. युरोपात १९७९च्या नियमाने लिंबाच्या कुळाखेरीज कशालाही मार्मालेड म्हणायला मनाई झाली, तीही ब्रिटिशांच्या हट्टाने, आणि ज्या पोर्तुगीज फळावरून शब्द आला ते फळ त्याच शब्दाबाहेर पडले! २०२४ साली युरोपीय संघाने हा नियम सैल केला. आता देशांना हवे तर इतर जॅमलाही मार्मालेड म्हणता येईल. ब्रिटन तोवर संघाबाहेर पडला होता.

पातेल्यातला पुरावा

कागद इथवर आणतात. पुढे एकच साधन उरते, करून पाहणे. ते भूममध्ये सहज करता येते.

कडू नारिंग आठवडी बाजारात मिळणे कठीण. मोसंबी ६०० ग्रॅम आणि ईडलिंबू किंवा कागदी लिंबू ४०० ग्रॅम घेतले तरी चालते. मोसंबीची साल जाड, लिंबू आंबटपणा देणारे. साली बारीक लांबट चिरायच्या, बिया आणि मधला पांढरा चोथा मलमलच्या पुरचुंडीत बांधायचा, दोन लिटर पाण्यात सगळे रात्रभर भिजत टाकायचे. सकाळी मंद आचेवर साल बोटाने चेपेल इतकी शिजवायची. तोवर साखरेला हात लावायचा नाही. साखर आधी पडली की साल आहे तिथेच आखडते, मग तास-दोन तास उकळा, चिवटच राहते. मुरंबा करणाऱ्या बायका आवळ्याला टोचून उकडून मगच पाकात सोडतात, त्यामागचे कारण हेच. लोणच्यात हे काम मीठ करते, सावकाश, उन्हात.

पुरचुंडी पिळून काढली की बुळबुळीत द्रव येतो. ते पेक्टिन. ब्राकोनो नावाच्या फ्रेंच रसायनशास्त्रज्ञाने १८२५ साली त्याला हे नाव दिले. मग साखर, १ किलो ३०० ग्रॅम, आणि मोठी आच. पातेल्यात एकूण भार ४ किलो ३०० ग्रॅम. साखरेचे प्रमाण ६५ टक्क्यांवर यायचे तर त्यातला जवळजवळ निम्मा भार वाफ होऊन जावा लागतो. खव्याच्या कढईत याहून जास्त उडते. या मापाने हाती येते ते सव्वादोन किलोच्या आत, फळ ४६ टक्क्यांच्या आसपास, म्हणजे कायद्यात बसणारे. दुप्पट साखरेची ती जुनी इंग्रजी कृती याच गणिताने तीस टक्क्यांच्या जरा वर थांबते. आमच्या कायद्याने ते मार्मालेडच नव्हे.

पुस्तके सांगतात, १०५ अंश सेल्सिअसला उतरवा. ते समुद्रकाठी. उंची दर तीनशे मीटर वाढली की पाणी साधारण एक अंश आधी उकळते. बालाघाटावर ते ९८ अंशांच्या आसपास उकळू लागते. म्हणजे इथे १०३ अंशांनाच उतरवायला हवे. पुस्तकावर विश्वास ठेवून १०५ गाठलेत तर बरणीत गोळी होते, चमचा वाकतो. माझा एक चमचा वाकला आहे. दोन बोटांत पाक धरून तार पाहणाऱ्या बाईला मात्र उंचीचा हिशेब करावा लागत नाही, कारण ती उष्णता मोजतच नाही, दाटपणा मोजते. एकतारीचा टप्पा आणि मार्मालेड उतरवण्याचा टप्पा जवळजवळ तोच आहे. भट्टीवरचा खवेवालाही थर्मामीटर ठेवत नाही. गोळा कढईची कड सोडतो ते पाहतो.

आता बेव्हरिजबाईंकडे परत येतो. बाबराचा मरब्बा पाकात धरलेल्या सालीचा असणार, थरथरत्या जेलीत लटकलेल्या काचऱ्यांचा असण्याची शक्यता कमी. त्या अर्थाने त्यांचा शब्द थोडा पुढे गेलेला आहे. पण १५२४च्या त्या पेटीतली वडी तरी कुठे थरथरत होती? मार्मालेडने स्वतःच दोनदा रूप बदलले आणि नाव सोडले नाही. आपल्या लिंबाने रूप फारसे बदलले नाही, मिठामुळे नाव तेवढे वेगळे घेतले. मला विचाराल तर बाईंचा शब्द मी ठेवतो, आणि फडताळातल्या त्या बरणीलाही तो लावायला माझी हरकत नाही, फक्त मीठ चिमूटभर असले पाहिजे.

म्हणून एक विनंती. घरात आजीच्या, पणजीच्या हातची पाककृतींची वही असेल तर ‘लोणची’ या मथळ्याखालची पाने काढा. लिंबू, ईडलिंबू, नारिंग, म्हाळुंग यांतले काही सालीसकट आणि साखरेत असेल तर त्या पानाचा फोटो घ्या, मागे गाव आणि अंदाजे साल लिहा. मिठाचे माप काय दिले आहे ते नीट वाचता येईल असा फोटो घ्या. शेर, पावशेर, मूठ, चिमूट, जे असेल ते.